अवधान

‘अवधान’ हा शब्द मराठी वाचकास परिचित आहे तो मुख्यतः ज्ञानेश्वरीमुळे. नवव्या अध्यायाच्या आरंभी ज्ञानेश्वर श्रोत्यांकडे तेवढेच मागतात. तेलुगूत मात्र हा शब्द सभामंचावर आला. अष्टावधानी कवीभोवती आठ पृच्छक बसतात. कुणी समस्या घालतो, कुणी विशिष्ट अक्षरे वर्ज्य ठरवितो. कुणी मधूनच घंटा वाजवितो आणि टोल कवीने मोजायचे असतात. एकाचे तर कामच मुळी अवांतर गप्पा काढून कवीचे चित्त विचलित करण्याचे. तरीही शेवटी कवी सारी पद्ये धारणेतून म्हणून दाखवितो.

हैदराबाद विद्यापीठात या दोन्ही परंपरांचा अभ्यास करणाऱ्या एका प्राध्यापिकाबाईंना त्या गप्पिष्ट पृच्छकाची अलीकडे फार आठवण येई. पोथ्यांच्या छायाप्रती त्या संगणकाच्या पडद्यावर वाचीत. उशाशी असावा तसा मोबाइल शेजारी. ओवीच्या चौथ्या चरणाशी येईतो पहिला निसटलेला असे. एकदा पाठभेद नोंदविताना दोन पोथ्यांची अदलाबदल झाली आणि महिन्याभराचे टिपण वाया गेले. वय झाले, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली. वय कसले, चाळिशी नुकती उलटलेली!

ऐच्छिक आणि अनैच्छिक अवधान हा भेद विल्यम जेम्सने 1890 साली मांडला. त्यावर रेचल व स्टीफन कॅप्लन या मिशिगनच्या दांपत्याने 1989 च्या ग्रंथात उभारणी केली. ऐच्छिक अवधान थकते; पाने, पाणी, ढग चित्ताला हळुवार ओढून घेतात, तेवढ्यात ते विसावते. 2008 मध्ये त्याच विद्यापीठात काहीजणांना एकदा वृक्षोद्यानातून, एकदा रहदारीतून फिरवून आणून अंक उलट क्रमाने म्हणावयास लावले. उद्यानानंतर स्मरण सुधारले. थंडीत कुडकुडत फिरलेल्यांचेही. (पुढील सर्वच प्रयोगांनी इतकी स्वच्छ साक्ष दिलेली नाही.)

बाईंनी हे वाचले तेही पडद्यावरच. मग एका संध्याकाळी मोबाइल खोलीत ठेवून त्या परिसरातील ग्रॅनाइटच्या शिळांकडे निघाल्या. प्रथम हात वारंवार पिशवीत जाई. तळ्याशी मोर ओरडला. घंटेचे टोल मोजावेत तशा त्यांनी त्याच्या हाका मोजल्या. पाच. लगतच्या कांचा गच्चीबौलीच्या 400 एकरांवरील वृक्षतोड सर्वोच्च न्यायालयाने 2025 च्या एप्रिलमध्ये थांबविली. तोवर बराच भाग उजाड झाला होता. त्या बाजूस त्या बराच वेळ पाहत राहिल्या.

परतल्यावर त्यांनी पोथीचे एक पान वाचले. एकच, पण पाठभेदांसकट.