गोल्त्सोची मुले

बर्लिनची भिंत उभी राहू लागली 13 ऑगस्ट 1961 रोजी. त्याच महिन्यात विन्फ्रीड युंगे नावाचा 26 वर्षांचा दिग्दर्शक पूर्व जर्मनीच्या पोलिश सरहद्दीजवळच्या गोल्त्सो या शेतकरी गावात पोचला. कल्पना त्याचे गुरू कार्ल गास यांची : पहिलीत जाणारी पोरे पकडायची आणि त्यांच्या आयुष्याची सोबत करायची. वाळूत खेळणारी मुले, मग शाळेचा पहिला दिवस, असा तो पहिला माहितीपट जेमतेम पाव तासाचा. हे काम 2007 पर्यंत चालले. मुलांना नातवंडे होण्याचे वय आले.

सरकारी स्टुडिओ ‘डेफा’ पैसा देत होता तो समाजवादात घडणारा नवा माणूस दाखवण्यासाठी. युंगेंच्या हाती लागली ती साधी माणसे. कॅमेऱ्यासमोर ती फारशी बोलत नाहीत. युंगे विचारतात, समोरचा खाली बघतो, एखाद्या शब्दात उत्तर देतो, आणि ते पुन्हा विचारतात. कधीकधी हा पिच्छा मलाही जाचतो. पण ते अवघडलेपण त्यांनी कापून टाकले नाही, याचे मोल मला फार वाटते. एका मुलीवरच्या चित्रपटाचे नावच ‘माझ्या आयुष्याशी तुमचा काय संबंध’ असे आहे. एवढा रास्त प्रश्न किती दिग्दर्शक शीर्षकात ठेवतील?

पूर्व जर्मनी हा देशच गेला, पाठोपाठ डेफाही गेली. पत्नी बार्बारा आधीपासून संकलन करत होत्या, पुढे सहदिग्दर्शक झाल्या. दोघांनी पैशांची जमवाजमव करत काम चालू ठेवले. 1993 च्या पावणेपाच तासांच्या चित्रपटात युंगे स्वतःच्याच जुन्या कामाची झडती घेतात : काय दाखवले, काय दाखवता आले नाही. माझ्या मते त्यांचे खरे मोठेपण इथून सुरू होते.

त्या वर्गातली एक मुलगी हृदयविकाराने तिशीच्या आतच गेली. युंगे थांबले नाहीत; तिच्या मुलाकडे गेले. आई आणि मुलगा मिळून तो एक चित्रपट झाला. कुणाच्या दुःखात कॅमेरा नेण्याचा हक्क दिग्दर्शकाला कशाने मिळतो, हा प्रश्न मला नेहमी छळतो. इथे उत्तर सापडते : ती सहा वर्षांची असल्यापासून हा माणूस तिला ओळखत होता.

सगळे मिळून हे काम चाळीस तासांहून अधिक भरते. सगळे बघायला सवड नसेल, तर निदान हा आई-मुलाचा चित्रपट जरूर पाहा.