१३४ तासांचा प्रवास

नॉर्वेच्या एनआरके या सार्वजनिक दूरचित्रवाणीने जून २०११ मध्ये बर्गेन ते किर्केनेस हा बोटीचा प्रवास सलग १३४ तास थेट दाखविला. नायक नाही, खलनायक नाही. डोंगर, पाणी, बंदरे आणि काठावर येऊन हात हलविणारी माणसे. यास कंटाळवाणे म्हणणाऱ्यांशी आमचे भांडण नाही. आमच्याकडे मालिकेतला कट उघडकीस येईपर्यंत रोझरीही खोळंबते! या प्रवासाचा काही भाग घरी लावला, तेव्हा मुले उठून गेली. अंथरुणास खिळलेली आई मात्र तासभर पाहत राहिली. तिच्याही दिवसांत आता घडण्यासारखे फारसे उरलेले नाही.

“ही माणसे बोटीतल्यांच्या ओळखीची का रे?” तिने विचारले.

नसावीत, आम्ही म्हणालो.

तिची खाट आम्ही रस्त्याकडच्या खिडकीशी हलविली आहे. मिस्सेला जाणारे आता तिला हात करून पुढे जातात.