भाजल्या मिरचीचं सूप

गाडीत ते पोतं आप्पांनी स्वतःच्या पायाशीच ठेवून घेतलं. मी डिकी उघडून उभी होते, पण त्यांनी ऐकलं नाही. पोत्यात 25 पौंड, म्हणजे अकरा किलोंच्या वर मिरची होती, नुकतीच भाजलेली. आतल्या प्लॅस्टिकमधून वाफ येत होती आणि सगळी गाडी त्या वासाने भरून गेली होती. घर येईपर्यंत ते काही बोलले नाहीत. उतरताना एवढंच म्हणाले, "काड्यांवर वांगी भाजली ना, की असाच वास घरभर राहतो."

आप्पा म्हणजे माझे सासरे. यावल तालुक्यात बामणोदच्या बाजूला त्यांची शेती. कपाशी, केळी आणि हिवाळ्यात भरताची वांगी. त्या वर्षी जुलैत ते आमच्याकडे अल्बुकर्कीला आले, तेव्हा खालची कवळी नवी होती आणि हिरड्या दुखत होत्या. महिनाभर मी मऊ खिचडी, वरण-भात आणि दलिया यांच्या पाळ्या लावत होते. ते मुकाट्याने खायचे, पण ताटात दुसऱ्यांदा काही घ्यायचे नाहीत. खानदेशातला माणूस तिखटावाचून किती दिवस काढणार? ठेचा द्यावा तर हिरड्यांना झोंबायचा, भाकरी द्यावी तर चावायची नाही.

ऑगस्ट संपत आला की न्यू मेक्सिकोत वाणसामानाच्या दुकानांबाहेर मिरची भाजायला सुरुवात होते. लोखंडी जाळीचं आडवं पिंप, खाली गॅसचे बर्नर आणि पिंप गरागरा फिरवणारा माणूस. तुम्ही आत मिरची विकत घ्यायची आणि पोतं त्याच्या हवाली करायचं. ज्वाळांचा मोठा आवाज होतो, साल तडकते, काळे पापुद्रे जाळीतून उडतात. काही मिनिटांत हिरवीगार मिरची डाग पडून मऊ होते आणि पुन्हा पोत्यात जाते. आप्पा त्या पिंपापुढे वीस मिनिटं उभे होते. आमची भाजून झाली, मागच्या दोघांचीही झाली, तरी त्यांचा पाय निघेना. भाजायच्या आधी त्यांनी पोत्यातली एक मिरची मोडून पाहिली होती. "जाड आहे गराला," असं म्हणून त्यांनी ती मलाही दाखवली.

गराला जाड असण्यामागे एका माणसाची मेहनत आहे. मेक्सिकोतल्या चिवावात जन्मलेले फाबियान गार्सिया लास क्रूसेसच्या कृषी महाविद्यालयात शिकले आणि पुढे तिथेच संशोधक झाले. त्यांना अशी मिरची हवी होती की जी गुळगुळीत, निमुळती, मांसल असेल आणि जिची साल सहज निघेल. 1921 साली त्यांनी 'न्यू मेक्सिको नंबर 9' हे वाण दिलं. आज इथे जी लांब हिरवी मिरची मिळते, तिचं मूळ त्यांच्या कामात आहे. पुढे त्याच महाविद्यालयाचं विद्यापीठ झालं आणि रॉय नाकायामा यांनी 1975 मध्ये तिथून 'बिग जिम' हे वाण आणलं. त्याची शेंग चांगली वीतभर, कधी त्याहून लांब होते. हे मी आप्पांना सांगितलं तेव्हा त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "पाणी कुठलं?" रिओ ग्रांदे नदीचं, कालव्याने दिलेलं. हॅच नावाचं गाव त्याच नदीच्या खोऱ्यात आहे आणि इथली मिरची त्या गावाच्या नावाने ओळखली जाते. त्यांनी मान हलवली. नदी आणि कालवा म्हटल्यावर त्यांच्या डोळ्यांपुढे चित्र उभं राहिलं असणार.

सूप करायचं मी त्याच संध्याकाळी ठरवलं. मऊ, गरम आणि तिखट, तिन्ही गोष्टी एका वाडग्यात बसतील असं मला दुसरं काही सुचेना.

पहिलं सूप वाया गेलं. मिरच्या नळाखाली धरून साल काढली, कारण ती बोटांना चिकटत होती आणि मला घाई होती. मग दूध घातलं, चव येत नाही म्हणून वरून लिंबू पिळलं आणि भांडं तसंच मोठ्या आचेवर ठेवलं. दूध फाटलं. पाण्यावर दाणेदार चोथा तरंगत होता आणि खाली मिरचीचा फिकट लगदा. आप्पा म्हणाले, "खातो मी, टाकू नको." मी ते त्यांना खाऊ दिलं नाही. पुन्हा खिचडी टाकली.

दुसऱ्या दिवशी शेजारच्या आजी गव्हाच्या गरम तॉर्तिया घेऊन आल्या. त्यांचं घराणं कित्येक पिढ्यांपासून न्यू मेक्सिकोतलं. नातवंडं त्यांना 'ग्रामा' म्हणतात, म्हणून मीही तेच म्हणते. मी पुन्हा सिंकपाशी उभी राहून मिरची सोलत होते आणि नळ सुरू होता. त्यांनी तॉर्तियांचं फडकं ओट्यावर ठेवलं आणि आधी नळ बंद केला. "नो, मीहा," त्या म्हणाल्या. मीहा म्हणजे बाळ, माझी मुलगी. मिरचीची सगळी चव त्या भाजलेल्या भागात आणि सालीखाली सुटलेल्या रसात असते आणि तू ती गटारात सोडते आहेस, असं त्यांनी मला समजावलं. आप्पा टेबलाशी बसून बघत होते. त्यांना इंग्रजी कळत नाही, पण नळ कशासाठी बंद झाला ते कळलं. "वांग्यालाही पाणी लावत नाहीत," ते म्हणाले. हे मला माहीत नव्हतं असं नाही. लग्नानंतर पहिल्याच हिवाळ्यात सासूबाईंनी भरताचं वांगं माझ्यापुढे ठेवून वाटीतल्या पाण्यात नुसती बोटं ओली करायला शिकवलं होतं. मिरचीच्या बाबतीत मला ते आठवलंच नाही.

त्या दिवशी ग्रामाने ओट्यापाशी उभं राहून जे सांगितलं आणि मी पुढच्या चार-पाच खेपांत जे शिकले, त्यातून आताची पद्धत बसली आहे.

चार माणसांना आठ-नऊ लांब मिरच्या लागतात, मध्यम तिखटाच्या. पोतं भाजून आणलेलं नसेल तर गॅसच्या उघड्या ज्योतीवर किंवा ओव्हनच्या ब्रॉयलरखाली भाजते. साल सगळीकडून काळी होऊन फुगली पाहिजे, पण गर जळता कामा नये. माझी एक खेप इथेच चुकली. विसरून ब्रॉयलरखाली जास्त वेळ राहिल्याने गरापर्यंत काळं गेलं आणि सूप कडू झालं. साय घालून कडूपणा जात नाही, हे तेव्हा कळलं. भाजलेल्या मिरच्या खोलगट भांड्यात टाकून पंधरा मिनिटं घट्ट झाकायच्या. आतल्या वाफेने साल सुटते. मग कोरड्या हाताने, फार तर बोटं ओली करून, सोलायच्या. काळा ठिपका कुठे राहिला तर राहू द्यावा. भांड्याच्या तळाशी जमलेलं पाणी सूपातच जातं. तिखट कमी हवं असेल तर आतली पांढरी शीर काढायची. झणका त्या शिरेत असतो; बी तिला चिकटलेलं असतं म्हणून तेही तिखट लागतं. हे काम झाल्यावर हातांना आधी तेल चोळून मग साबण लावावा. नुसत्या पाण्याने तिखट हलत नाही आणि रात्री डोळ्याला हात लागला की झोप जाते.

मिरचीबरोबर एक मोठा कांदा आणि लसणाच्या चार पाकळ्या, सालीसकट, तव्यावर डाग पडेपर्यंत भाजते. पातेल्यात चमचाभर लोणी, त्यात थोडं जिरं, कांदा, सोललेला लसूण, दोन मध्यम बटाट्यांच्या फोडी आणि चार कप पाणी. दाटपणा बटाट्याने येतो, मैदा लागत नाही. अल्बुकर्की समुद्रसपाटीपासून पाच हजार फुटांवर आहे. इथे पाणी 95 अंशांच्या आसपासच उकळतं, त्यामुळे बटाटा शिजायला जळगावपेक्षा जास्त वेळ लागतो. कच्चा राहिला तर सूप रवाळ होतं, म्हणून फोड बोटाने सहज चिरडते का ते बघूनच पुढे जावं. मिरच्या अगदी शेवटी, पाचेक मिनिटांसाठी. जास्त उकळल्या तर धुराचा वास उडून जातो.

वाटताना मिश्रण कोमट होऊ द्यावं. गरम रस मिक्सरमध्ये फिरवला की वाफेने झाकण उडतं. दोन मिरच्या मी वाटत नाही, बारीक चिरून तशाच घालते, म्हणजे दाताखाली मिरची येते. मग वाटलेलं पुन्हा मंद आचेवर ठेवायचं आणि गॅस बंद करायच्या आधी अर्धा कप दाट क्रीम. दुधापेक्षा क्रीममध्ये स्निग्धांश कितीतरी जास्त, म्हणून ते सहज फाटत नाही. तिखटाचा अंश पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतो. म्हणून क्रीम घातल्यावर तिखट एका जागी टोचत नाही, जिभेवर सगळीकडे पसरतं. क्रीम घातलं की मिरची मेली, असं इथलेही काही लोक म्हणतात. मला ते पटत नाही. फार घातलं तर मरते, हे खरं.

आप्पांना पहिलं नीट जमलेलं सूप दिलं तो सप्टेंबरातला रविवार होता. त्यांनी चमचा बाजूला ठेवून वाडगा तोंडाला लावला. अर्धं संपल्यावर विचारलं, "भाकरी आहे का?" ज्वारीचं पीठ घरात होतं. मी दोन भाकऱ्या थापल्या. त्यांनी त्या गरम असतानाच सूपात कुस्करल्या, पाच मिनिटं मुरू दिल्या आणि बोटांनी खाल्लं. हिरड्यांना काही झालं नाही. नाकातून पाणी आलं, ते त्यांनी उपरण्याने पुसलं आणि वाडगा पुढे केला. त्यानंतर आठवड्यातून दोनदा तरी सूप होत होतं. उरलेल्या मिरच्या सालीसकट पिशव्यांत भरून फ्रीझरमध्ये ठेवल्या. बर्फ सुटल्यावर साल आणखी सहज निघते.

नणंदेला फोनवर सांगितलं तेव्हा तिने जळगावात भजीच्या जाड मिरच्या आणि एक ढोबळी मिरची भाजून करून पाहिलं. चांगलं झालं म्हणाली. ते मी अजून चाखलेलं नाही. डब्यातल्या मिरचीचं मात्र मी स्वतः केलं आहे. त्यात तिखट होतं, भाजल्याचा वास नव्हता. पुन्हा केलं नाही.

बियाण्याचा विषय आप्पांनी काढलाच. दुकानातून त्यांनी तीन कच्च्या मिरच्या वेगळ्या आणून घेतल्या होत्या. परवाना आणि तपासणीचा दाखला असल्याशिवाय बी भारतात नेता येत नाही, हे मी त्यांना सांगितलं. त्यांनी ते लगेच मानलं. "मग तुझ्या मागच्या अंगणात लाव," म्हणाले. मी मिरची चिरायला घेतली, तर हात धरला. हिरव्यातलं बी कोवळं असतं, उगवायचं नाही, लाल होऊ दे. तिन्ही मिरच्या त्यांनी स्वयंपाकघराच्या खिडकीत, उन्हाच्या बाजूला, एकमेकींना लागणार नाहीत अशा मांडल्या. रोज सकाळी चहा घेताना ते त्या उलटून पाहायचे.

ऑक्टोबरच्या मध्याला ते परत गेले. तोवर दोन मिरच्या सुरकुतल्या होत्या आणि तिसरी देठापासून अर्ध्यापर्यंत लाल झाली होती.