मांगाचा सायकलवरचा पूर्वज

मांगाची वंशावळ सांगताना बहुतेक लेखक थेट बाराव्या शतकात उडी घेतात. क्योतोच्या कोझान-जी मंदिराच्या ‘चोजू-गिगा’ या चित्रगुंडाळ्या, त्यांत कुस्ती खेळणारे बेडूक आणि ससे, अन् पुढच्याच परिच्छेदात आजचा अ‍ॅनिमे! मला ही वंशावळ पटत नाही. मधल्या आठशे वर्षांत या कलेवर पोट कोणी भरले, हे तीत कुठेच येत नाही.

माझ्या मते अधिक जवळचा दुवा आहे कामिशिबाई, म्हणजे ‘कागदी नाटक’. १९३० च्या दशकात टोकियोच्या गल्लीत सायकलवरून एक माणूस येई आणि दोन लाकडी ठोकळे एकमेकांवर आपटी. काबुकीचा पडदा उघडताना वाजतात, तेच ह्योशिगी. मुले धावत येत. आधी गोळ्यांची विक्री; घेणारी मुले पुढे, बाकीची मागे. मग सायकलवरच्या लाकडी चौकटीतून एकेक चित्र ओढीत, पात्रांचे आवाज काढीत तो गोष्ट सांगे आणि ऐन रंगात थांबे. उरलेली उद्या!

ही माणसे बहुधा महामंदीतली बेकार. त्यांत बेन्शीही होते. मूकपटाशेजारी उभे राहून कथन करणारे हे कलावंत बाहुलीनाट्यातील निवेदकांचे वारस. बोलपटांनी त्यांची भाकरी हिरावली. दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचे थोरले बंधू हेइगो बेन्शीच होते. बेन्शींचा संप फसला. १९३३ मध्ये हेइगो यांनी जीवन संपवले.

कामिशिबाईची चित्रे हाताने रंगवलेली, दलालाकडून भाड्याने आणलेली. मंदिराने गुंडाळ्या जपल्या. ही चित्रे हातोहात फिरून झिजली. तरी त्यांतूनच कवटीच्या चेहऱ्याचा, झगा पांघरलेला ‘ओगोन बाट्टो’ अवतरला, सुपरमॅनच्या कित्येक वर्षे आधी.

युद्धात डावा हात गमावलेले शिगेरू मिझुकी मांगाकडे वळण्यापूर्वी कामिशिबाईच रंगवीत. स्मशानात जन्मलेला त्यांचा प्रसिद्ध किटारोही मुळात १९३० च्या दशकातील एका कामिशिबाईतला.

१९५३ मध्ये दूरचित्रवाणी आली, तेव्हा लोक तिला ‘विजेवरची कामिशिबाई’ म्हणत. सायकलवाल्याभोवतीची मुले हळूहळू तिच्यासमोर जाऊन बसली. १९६८ मध्ये किटारोही अ‍ॅनिमे होऊन तिथेच पोहोचला.