साखऱ्याचा हादगा

हादगा म्हटला की शहरातल्या वाचकाला आठवतो तो पाटावर काढलेला हत्ती, त्याच्याभोवती फेर धरणाऱ्या परकऱ्या पोरी आणि शेवटी ओळखायला लावलेली खिरापत. पण हादगा हे एक झाडही आहे आणि त्याच्या फुलांची झकास भाजी होते, हे किती घरांत ठाऊक असेल कोण जाणे! काही ठिकाणी तर या झाडाची फांदीच अंगणात रोवून मुली तिच्याभोवती फेर धरीत. गाणी शहरात आली. झाड गावाकडेच राहिले.

ते झाड आणि ती भाजी यांच्या ओढीने गेल्या आश्विनात मी साखऱ्याला गेलो. माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याचे हे गाव. हिंगोली जिल्हा १९९९ साली परभणीतून वेगळा झाला. त्याच्या सेनगाव तालुक्यात साखरा येते. पूर्णा-अकोला लोहमार्गावर हिंगोलीला उतरायचे आणि पुढे एस. टी. पकडायची. संत नामदेवांचे नरसी याच मुलखातले. काळी जमीन, कापणीला आलेले सोयाबीन, मध्येच हळदीची रुंद हिरवी पाने आणि त्यांच्यावर डोके काढून उभ्या असलेल्या तुरी. पावसाने धुतलेले आभाळ असे निळे, की पाहत राहावे.

विद्यार्थ्याच्या शेतात विहिरीच्या कडेला हादगा उभा होता. वीसेक फूट उंच, सरळसोट. पाने चिंचेसारखी, पण मोठी. फांद्यांवरून पांढरी फुले लोंबत होती. एकेक फूल बोटाएवढे लांब आणि द्वितीयेच्या चंद्रासारखे वाकडे. संस्कृतात याला ‘वक्रपुष्प’ म्हणतात ते उगाच नाही. दुसरे नाव अगस्त्य. दक्षिणेच्या क्षितिजावर भाद्रपदाच्या सुमारास अगस्त्याचा तारा दिसू लागतो, पाणी निवळते आणि हे झाडही फुलू लागते. तारा उगवला की पाणी प्रसन्न होते, हे कालिदासाने ‘रघुवंशा’च्या चौथ्या सर्गात नोंदवून ठेवले आहे. वैद्यांनीही या फुलाची दखल घेतली. रातांधळ्या माणसाला ते हितकर, असे सुश्रुतसंहिता सांगते.

स्वयंपाकघरात मात्र मला दोन नावे ऐकू आली. विद्यार्थ्याच्या आई ‘हादगा’ म्हणत. वाशीमकडून आलेली सून म्हणे ‘हेटा’. एकाच चुलीपाशी मराठवाडा आणि वऱ्हाड शेजारी बसले होते. मराठीच्या मास्तराला याहून मोठी मेजवानी कोणती!

पण खरी मेजवानी पुढेच होती. सूनबाईंनी फुलांचे हिरवे देठ काढले, पाकळ्या उकलून आतला केसर ओढून टाकला. तो राहिला तर भाजी कडू होते. पाकळ्या धुऊन चिरल्या. तेलात मोहरी, लसूण, कांदा, तिखट. त्यावर भिजवलेली मुगाची डाळ आणि मग फुले. टोपलीभर फुले पाहता पाहता वाटीभर होतात, म्हणून मीठ शेवटी आणि बेताने. चव किंचित कडवट, मागाहून गोडसर. गरम ज्वारीच्या भाकरीबरोबर तिला तोड नाही. संध्याकाळी डाळीच्या पिठात बुडवून भजी झाली, तीही तितकीच फर्मास.

हे कौतुक आपल्यापुरतेच आहे असे समजू नये. तामीळ घरांत याचा पाला एकादशीच्या उपासानंतर द्वादशीच्या पानात असतो. सयामी लोक फुले आंबट कालवणात शिजवतात. दूर फिलिपाईन्समध्ये, लुझोन बेटाच्या वायव्येला इलोकानो लोक राहतात. ते ‘कतुराय’ची फुले उकळत्या पाण्यातून काढतात आणि टोमॅटो, कांदा व मासळीचे खारवण घालून भाताबरोबर खातात. केसर काढायची रीत तिकडेही आहे. साखऱ्याच्या सुनेने आणि इलोकोसच्या सुनेने एकमेकींना कधी पाहिले नाही. कडूपणाने दोघींना तोच धडा दिला.

जेवताना मी आणखी भाजी मागितली, तेव्हा आई म्हणाल्या, “सर, आज एवढीच. वरली फुलं बियाला ठेवलीत.”

मग उलगडा झाला. ते झाड सोयाबीन निघाल्यावर पाडायचे ठरले होते. पूर्वी पानमळ्यांत नागवेलीला आधार म्हणून हादगा लावीत. आता या शेतात पानमळा नाही. बांध वाटण्यांनी अरुंद झाले आणि ट्रॅक्टर वळताना खोड आडवे येते. मुलाचे म्हणणे खोटे नव्हते. “सर, चार एकरांत दोघा भावांची घरं चालवायची,” तो म्हणाला. आईंनी वाद घातला नाही. एवढेच म्हणाल्या, “पाड बाबा. पण शेंगा वाळू दे.”

खुडलेले प्रत्येक फूल म्हणजे एक शेंग कमी. म्हणून त्यांनी खालच्या फांद्या पाहुण्यासाठी मोकळ्या केल्या होत्या आणि शेंडा राखला होता. हाताहाताएवढ्या लांब, बारीक शेंगा तिथे नुकत्या लोंबू लागल्या होत्या. आपल्या ताटातली भाजी कशातून वजा झाली आहे ते कळल्यावर मी तो घास जरा सावकाश खाल्ला.

“लावायचं कुठं पण?” मुलाने विचारले. उत्तर सुनेने दिले. घरामागे न्हाणीचे पाणी वाहून जाते, तिथे. हादगा झपाट्याने वाढतो, फार जागा अडवीत नाही, सावली विरळ पडते, आणि शेंगवर्गी असल्यामुळे मुळांच्या गाठींतून जमिनीला नत्र मिळते. आयुष्य मात्र बेताचे. तेव्हा जुन्यापाठी नवे लावीत राहणे, हीच त्याला टिकवण्याची रीत.

मृग लागल्यावर विद्यार्थ्याचा फोन आला. जुने झाड गेले होते. न्हाणीपाशी पेरलेल्या बियांतून पाच रोपे वर आली होती. दोन शेळीने खाल्ली. उरलेल्या तिघांना आईंनी बाभळीच्या काट्यांचे कुंपण केले आहे.