विळा की कुऱ्हाड

दिग्रस, ८ जुलै २०२५

जंगल सत्याग्रहावरच्या माहितीपटाची संहिता पुण्याहून आली. तिसऱ्या पानावर सत्याग्रही कुऱ्हाडीनं झाड तोडताहेत. जेवण बाजूला ठेवून फोन लावला. १० जुलै १९३० ला लोकनायक बापूजी अणे यांनी पुसदजवळच्या राखीव जंगलात गवत कापलं. विळ्यानं. मिठाचा कायदा मोडायला आपल्याकडे समुद्र नाही. दहीहंड्याला खाऱ्या विहिरीच्या पाण्याचं मीठ केलं, आणि इकडे जंगल कायदा मोडायला गवत निवडलं. गोठ्यात बैल बांधलेल्या माणसाला त्या गवताचा अर्थ लगेच कळतो. कुऱ्हाड दाखवली की तो अर्थच जातो.

९ जुलै

फोटोंची यादी तपासली. दांडीचा फोटो पुसदच्या नावावर लावला होता, काढायला सांगितला. त्या दिवसाचं हलतं चित्र मला आजवर सापडलेलं नाही, याची फार हळहळ वाटते. मराठी छायाचित्रकार सावेदादांनी १९०१ मध्ये रँग्लर परांजप्यांचं मुंबईतलं स्वागत चित्रित केलं होतं. म्हणजे कॅमेरा मराठी माणसाच्या हाती येऊन १९३० पर्यंत तीसेक वर्षं झाली होती.

१० जुलै, गुरुपौर्णिमा

सकाळी पावसाची भुरभुर. आजींच्या ओसरीवर चित्रीकरण. त्यांचे सासरे सत्याग्रहात होते. आजींनी आढ्यात खोचलेला विळा काढला, पदरानं पुसला. डाव्या मुठीत गवत कसं धरायचं, मनगट कसं वळवायचं, ते हवेतच दाखवलं. मूठ मात्र खरीच आवळली होती, नखं पांढरी पडली. कॅमेरावाल्या पोराला म्हटलं, चेहरा राहू दे, हात घे.

मग दिग्दर्शिका हळूच म्हणाली, "सर, आजी 'मी पाहिलं' म्हणाल्या तर जास्त पोचेल."

मी नाही म्हणालो. तीस वर्षं मुलांना इतिहास शिकवला, त्यानंतर अशा माहितीपट करणाऱ्या कितीतरी मंडळींना गावं, माणसं, कागद शोधून दिले. ऐकलेलं ते ऐकलेलं, पाहिलेलं ते पाहिलेलं, एवढं तरी मला सांभाळायचं आहे. आजींनीच प्रश्न मिटवला. "म्या कुठी पाह्यलं, गुरुजी? माहा जलमच नोयता तवा. सासरे सांगत, थे आइकलं."

१६ जुलै

कच्चा कट मोबाईलवर पाहिला. कुऱ्हाड गेली. दांडी गेली. आजींचं 'आइकलं' ठेवलंय, आणि त्यानंतर चार सेकंद नुसती ती मूठ. दोनदा पाहिलं. संध्याकाळी आजींना दाखवायला जायचं आहे.