नाहीसं झालेलं

फुलं. ब्राझीलमधल्या पोर्तो अलेग्रे शहरालगतच्या बेटाचं नावच ‘इल्या दास फ्लोरेस’, म्हणजे फुलांचं बेट. झॉर्झी फुर्तादोनं १९८९ साली याच नावाचा तेरा मिनिटांचा लघुपट काढला. त्यात फुलं शोधावी लागतात. कचरा मात्र ढिगांनी.

हसू. निवेदक पाठ्यपुस्तकासारखा सांगत सुटतो: टोमॅटो म्हणजे काय, पैसा म्हणजे काय, माणूस म्हणजे प्रगत मेंदू आणि बोटांसमोर येणारा अंगठा. सुरुवातीला आपण हसतो. एका बाईनं रश्शासाठी नापसंत केलेला टोमॅटो कचऱ्याच्या गाडीतून बेटावर पोचतो, तोवर हसू उरलेलं नसतं. तिथं आधी डुकरांसाठी निवड होते. डुकरांनाही नको ते बाजूला पडलं की कुंपण उघडतं. बाया नि पोरं, दहा-दहा जण, प्रत्येक गटाला पाच मिनिटं. डुकराला मालक आहे. यांना मालक नाही आणि यांच्याकडे पैसाही नाही. हा क्रम मी किती वेळा पाहिला, अजून गळ्याखाली उतरत नाही.

भाव. लघुपट आला त्या एका वर्षात ब्राझीलमध्ये ते जवळजवळ वीसपट झाले. दुकानातला पोरगा डब्यांवर नव्या किमतीच्या चिठ्ठ्या डकवत यायचा आणि गिऱ्हाइकं त्याच्या आधी पोचून जुन्या चिठ्ठीचा डबा उचलायची. पगार झाला की लगेच महिन्याचा किराणा भरायचा. थांबणं परवडत नसे.

तीन शून्यं. जानेवारी १९८९मध्ये क्रुझादो हे चलन जाऊन नवा क्रुझादो आला. हजाराच्या नोटेवर शिक्का बसला, एकचा. चौदा महिन्यांत तोही गेला, क्रुझेरो आला. त्याच वेळी पन्नास हजारांवरची बचत सरकारनं बँकेतच गोठवली. आयुष्यभर साठवलेलं, आपलंच, आणि हात लावता येत नाही.

शंभराची नोट. नव्या क्रुझादोच्या या नोटेवर कवयित्री सेसिलिया मेइरेलेस होती. १९५३ साली ती भारतात येऊन गेली, या देशावर तिनं कवितांचं एक पुस्तकच लिहिलं. फुर्तादोचा लघुपट संपतो तो स्वातंत्र्याबद्दलच्या तिच्याच शब्दांवर. नोटेवर पुढे क्रुझेरोचा शिक्का मारला गेला. १९९४ साली रिआल आला, तेव्हाच्या हिशेबानं एका रिआलला अशा २७,५०० नोटा मोजाव्या लागल्या असत्या.